पलीकडची ओल

रंगारी आला. चपला दाराशी काढल्या, हॉलमधल्या उघड्या भिंतीसमोर जाऊन उभा राहिला आणि उजव्या हाताचा तळवा त्याने भिंतीवर सपाट टेकवला. थोडा वेळ तसाच. मग दोन पावलं सरकून पुन्हा टेकवला, मग उकिडवा बसून पार फरशीलगत. मी चहा टाकायला आत वळले होते, तर मागून म्हणाला, "चा रहेवा दो, बेन. आ भींत पर हमणां कलर नहीं थाय." दिवाळी तोंडावर आलेली. या दिवसांत बडोद्यात रंगाऱ्याच्या दहा विनवण्या कराव्या लागतात, आणि हा घरी येऊन काम नको म्हणतो! मला वाटलं, भाव वाढवून घ्यायची ही रीत असेल. तर त्याने एक पारदर्शक पिशवी मागितली. साखरेची रिकामी पिशवी होती, ती मी दिली. ती कात्रीने उभी फाडून, कोरडी पुसून त्याने भिंतीवर पसरली आणि चारही कडा चिकटपट्टीने घट्ट बंद केल्या. बाहेरच्या अंगाला पाणी धरलं तर ते खोलीतल्या हवेतलं, पंखा लावला की जाईल. आतल्या अंगाला धरलं तर भिंतच पाणी सोडते आहे, एवढं समजावलं. "काले सवारे जोजो," म्हणाला आणि गेला. ॲडव्हान्सचं नावसुद्धा काढलं नाही.

सकाळी पिशवीच्या आतल्या अंगाला थेंब डवरले होते. फोन करून सांगितलं तर तो अगदी सहज म्हणाला, "तो पछी पाणी पेली बाजुथी आवे छे. बाजुवाळाने कहो."

पेली बाजू म्हणजे पलीकडची बाजू, म्हणजे काकू.

दांडिया बाजारातलं हे घर एकेकाळी एकच होतं. माझे सासरे आणि त्यांचे धाकटे भाऊ यांच्यात वाटणी झाली तेव्हा मधल्या भिंतीतलं दार विटांनी बुजवलं. अलीकडे आमचा हॉल राहिला, पलीकडे त्यांनी न्हाणी काढली. मी लग्न होऊन इंदूरहून आले तेव्हा हे सगळं होऊन गेलेलं होतं. का झालं, हे मला कुणी सलग सांगितलेलं नाही. एकदा एका भाडेकरूचं नाव निघालं, एकदा आजेसासूबाईंच्या पाटल्यांचं, एकदा नुसतंच "जाऊ दे". बोलणं बंद नव्हतं. बंद असतं तर एक वेळ परवडलं असतं, बंद पडलेलं बोलणं कधीतरी कुणी सुरू तरी करतं. इथे सगळं रीतसर चालू होतं. फराळाची ताटं जायची, ताटावरचा रुमाल धुऊन, इस्त्री होऊन परत यायचा. गणपतीच्या आरतीला काका यायचे, प्रसाद उभ्यानेच घ्यायचे. घराविषयी मात्र अक्षर नाही. गळती, गच्ची, पाण्याची टाकी, घरपट्टी, यांतलं काहीही निघायची चिन्हं दिसली की दोन्हीकडची माणसं हवापाण्यावर जायची.

रंगाऱ्याने फोनवर दिलेला तो निरोप मी जेवताना सांगितला, तेव्हा नवरा आमटी वाढून घेत राहिला आणि सासूबाईंनी लोणच्याची बरणी उगाच जवळ ओढली. दोघांनाही जराही आश्चर्य वाटलं नाही, हे मला फार टोचलं. म्हणजे यांना माहीत होतं. निदान अंदाज होता. मग इतके दिवस आम्ही कागद भिजवत, खरवडत, हात सोलून घेत बसलो ते कशासाठी?

तो कागद नानांनी लावला होता. नाना म्हणजे माझे सासरे. २०११ च्या हिवाळ्यात धाकट्या दिराचं लग्न ठरलं आणि मुलीकडचे लोक घर बघायला येणार होते. त्या भिंतीचे पोपडे तेव्हाही निघायचे. गुडघ्याएवढ्या उंचीपर्यंत रंग फुगायचा, पावसाळ्यानंतर केरसुणीखाली रोज मूठभर भुगा यायचा. दोनदा सिमेंट मारून झालं होतं. नाना दुकानात गेले, तिथल्या पोराने जाडजूड कॅटलॉग उलगडले आणि सांगितलं, "दस वरस जोवुं नहीं पडे, काका." नाना त्या एका वाक्यावर भाळले. क्रीम रंगावर सोनेरी उठावाचे बुट्टे, वरून प्लॅस्टिकचा थर, ओल्या फडक्याने पुसला तरी चालेल. एका रोलमध्ये साधारण ५७ चौरस फूट कागद येतो आणि आमची भिंत १२ बाय १०, तेव्हा दोन रोल जेमतेम कमी पडत होते. बुट्ट्याशी बुट्टा जुळवायचा म्हणजे कापताना वाया जातो तो वेगळाच. तिसरा रोल घ्यावा लागला, त्यातला बराचसा उरला आणि आजही आमच्या गोदरेजच्या कपाटाचे सगळे कप्पे सोनेरी बुट्ट्यांचे आहेत. सासूबाईंनी भिंत पाहून फक्त एवढंच म्हटलं होतं, "मंगल कार्यालय झालंय नुसतं." नानांना मात्र कोण अभिमान. आल्यागेल्याला ते हात लावून बघायला लावायचे. आणि दुकानातल्या पोराचं वाक्य खरं ठरलं. दहा वर्षं त्या भिंतीकडे खरंच कुणी पाहिलं नाही. कागद दिसायचा, भिंत दिसायची नाही.

नाना गेले, त्यालाही आता काही वर्षं झाली. त्यांची खुर्ची त्याच भिंतीला टेकलेली असायची, आणि जिथे त्यांचं डोकं टेकायचं तिथे खोबरेल तेलाचा एक लांबट गोल डाग होता. बुट्ट्याचं सोनं तेवढ्या जागी काळवंडलेलं. मी कितीतरी वेळा तो पुसायला घेतला आणि सासूबाई म्हणाल्या, राहू दे. कागद काढायचा विषय त्यांनीच काढला तेव्हा मला त्या डागाची आठवण झाली, पण मी काही बोलले नाही. खालून कागद सुटायला लागला होता, शिवणींवर काळे ठिपके आले होते, आणि संध्याकाळी दारंखिडक्या बंद केल्या की हॉलमध्ये कोंदट वास भरायचा. सासूबाई खिडकीला अस्सल बडोदेकरांसारखं 'बारी' म्हणतात. "बारी उघड, बारी उघड" हा त्यांचा संध्याकाळचा जप झाला होता.

मेन स्विच बंद करून, बोर्डाच्या कव्हरावर प्लॅस्टिक बांधून आम्ही सुरुवात केली. मी आणि माझा नववीतला मुलगा. वरचा प्लॅस्टिकचा थर काढायला मजा येते, हे कबूल करायला हवं. खालचा सुटलेला कोपरा दोन बोटांत धरून तिरका वर ओढत न्यायचा, चर्रर्र आवाज करत हातभर रुंद पट्टा सुटून येतो. नानांच्या डोक्याचा डाग असा एका पट्ट्याबरोबर सहज निघून आला. सासूबाईंनी तो पट्टा गुंडाळला आणि आत नेला. कुठे ठेवला, मी विचारलं नाही.

खरं काम त्यानंतरचं. वरचा थर येतो, पण त्याचं कागदी अस्तर भिंतीलाच चिकटून राहतं, पिवळट, केसाळ. त्यावर कुंड्यांच्या फवाऱ्याने कोमट पाणी मारायचं, पाण्यात थोडं व्हिनेगर. मग थांबायचं. लगेच खरवडलं तर पट्टी गिलाव्यात घुसते आणि खड्डे पडतात. पाणी मुरू दिलं तर अस्तर आपण होऊन ढिलं पडतं आणि मऊ लगदा होऊन पट्टीवर गोळा होतं. त्या लगद्याला खळीचा वास होता. आकाशकंदिलासाठी आई मैद्याची खळ करायची, ती दुसऱ्या दिवशी आंबायला लागली की यायचा, अगदी तो. त्यात मिसळलेला बुरशीचा वास मात्र अनोळखी, घशाला धरणारा. तोंडाला ओढण्या बांधून आम्ही काम केलं. सगळं अस्तर निघालं, तरी खळ राहतेच. ओलं बोट फिरवलं तर बुळबुळीत लागतं. ती धुऊन काढली नाही तर वरून दिलेला रंग तडकतो, सालं निघतात. पोराच्या डोक्यात शाळेतला प्रयोग आला. भिंतीच्या एका कोपऱ्यात त्याने टिंक्चर आयोडीनचा थेंब टाकला, तर तपकिरी थेंब बघता बघता निळाकाळा झाला. स्टार्च! मग काय, घरातली बाटली संपेपर्यंत आम्ही भिंत धुतली आणि थेंब टाकून पाहिले. जिथे तो तपकिरीच राहिला, ती जागा पास.

कागदाखाली पिस्ता रंगाचं डिस्टेंपर होतं. त्याच्याखाली, जिथे टवके उडाले होते तिथे, फिकट गुलाबी. त्याच्याही खाली नीळ घातलेला चुना. उजवीकडे, पूर्वी जिथे फोनचं स्टूल असायचं, तिथे पिस्ता रंगावर पेन्सिलीने लिहिलेले फोन नंबर निघाले. सगळे सहा आकडी, बडोद्याचे नंबर सात आकडी होण्याआधीचे. गॅस. डॉक्टर. रेल्वे. काकूंचं माहेर. दोन हस्ताक्षरं होती, एक सासूबाईंचं ताठ, शाळामास्तरणीचं, आणि दुसरं गोल, उजवीकडे कललेलं. एका नंबरातला शेवटचा आकडा एकीने खोडून दुसरीने वर दुरुस्त केला होता. मी सासूबाईंना हाक मारली. त्या आल्या, चष्मा लावून पाहिलं, "अगंबाई" म्हणाल्या आणि कुकर झाला का बघायला गेल्या.

मी ज्या घरात वाढले, त्या इंदूरच्या रामबागेतल्या घराला कागद, डिस्टेंपर काही ठाऊक नव्हतं. तिथे चुना. रंगपंचमीला गेर, म्हणजे रंग उधळत निघणारी मिरवणूक, बघून आलेली पोरं ओट्यावरच रंगांची उरलीसुरली पाकिटं रिकामी करायची, आणि आमची पुढची भिंत मार्चपासून गुलाबी-जांभळी व्हायची. राजवाड्यावर हल्ली त्या दिवशी ताडपत्र्या बांधतात. आमच्या भिंतीला कोण बांधणार? ती तशीच पावसाळा काढायची. नवरात्र उतरलं की अंगणात लोखंडी पिंपात कळीचा चुना विरवला जायचा. त्या पांढऱ्या ढेकळांवर पाणी पडलं की पिंप खदखदायला लागायचं, वाफा यायच्या, आणि आम्हा पोरांना ओट्याखाली उतरायची बंदी. डोळ्यात उडाला तर डोळा जातो, हे आजी इतक्यांदा सांगायची की मला स्वप्नात पिंप दिसायचं. दुसऱ्या दिवशी तो फडक्यातून गाळायचा, त्यात डिंकाचं पाणी आणि नीळ. कुंच्याने पहिला हात मारला की भिंत आणखीनच मळकी दिसायची, कारण ओला चुना जवळजवळ पारदर्शक असतो. तो वाळताना पांढरा होत जातो. आम्ही ओट्यावर मांडी घालून ते बघत बसायचो. कुठल्या क्षणी पांढरं झालं ते सांगता यायचं नाही, पण जेवून आलो की झालेलं असायचं. हवेतला कार्बन डायऑक्साइड घेऊन चुना पुन्हा दगड होत असतो, हे पुढे रसायनशास्त्रात शिकले तेव्हा वर्गात मला एकटीलाच आनंद झाला.

टिकाऊ तो मुळीच नव्हता. भिंतीला टेकलं की पाठ पांढरी. शाळेत निम्म्या वर्गाचे उजवे खांदे पांढरे असायचे, आणि त्यावरून कोणाचं घर कुठल्या बाजूला वळतं ते कळायचं, असं एक मास्तर म्हणायचे. चेष्टाच ती. पण दरवर्षी चुना द्यायचा म्हणून दरवर्षी घर रिकामं व्हायचं. कपाटं ओढली जायची, फोटो उतरायचे, आणि आजोबा हातात टॉर्च घेऊन प्रत्येक भिंतीसमोर उभे राहायचे. इथे भेग गेल्या साली नव्हती. इथे मुंग्यांनी माती काढली आहे. ही ओल नळाची नाही, पन्हाळीची. दर दिवाळीला घराची अशी उलटतपासणी व्हायची. त्यात कंटाळा होता, भांडणं होती, एकदा तर आजीने याच पायी माहेर गाठलं होतं. तरी भिंतीचं काही बिनसलं तर ते पुढल्या दिवाळीपर्यंत कळायचंच. नानांना हे नको होतं, आणि मी त्यांना नावं ठेवणार नाही. आयुष्यभर नोकरी करून, रविवारी रांगा लावून थकलेल्या माणसाला 'आता दहा वर्षं बघायला नको' हे ऐकायला किती गोड लागत असेल!

बडोद्यात भिंतींकडे बघणाऱ्यांची मात्र कधी वानवा नव्हती. आमच्यापासून चालत जाण्याच्या अंतरावर तांबेकर वाडा आहे. १८४९ ते १८५४ या काळात संस्थानचे दिवाण असलेल्या भाऊ तांबेकरांचा चार मजली वाडा. आत गेलं की भिंतीवर रिकामी जागा सापडत नाही. कृष्णलीला, महाभारतातले प्रसंग, लढाया, मध्येच इंग्रज मडमा, आणि दारांच्या फळ्यांवरही चित्रं. मुलगा लहान असताना त्याला घेऊन गेले होते तर तो म्हणाला, "मग हे लोक दिवाळीला रंग कुठे द्यायचे?" मला उत्तर सुचलं नाही. अशा घरात कुंचा फिरवायची सोय नाही, म्हणजे रोजच डोळ्यांत तेल घालून बघत बसायचं. कीर्तिमंदिरात, म्हणजे गायकवाड राजघराण्याच्या स्मारकात, चित्रकार नंदलाल बोस यांनी १९३९ ते १९४६ या काळात चार भिंती रंगवल्या, त्यांतल्या एका भिंतीवर गंगावतरण आहे. वरून खाली येणारं पाणी. बाहेर थोड्याच अंतरावर विश्वामित्री नदी. त्या भिंतीसमोर उभं राहिलं की माझ्या मनात भक्तिभाव वगैरे येत नाही. भिंत आणि पाणी हे दोन शब्द एकत्र आले की आता मला धडकीच भरते.

कारण ऑगस्ट २०२४. विश्वामित्री गावात शिरली तेव्हा आमचा भाग वाचला, पण अकोट्याला, समाला घरात पाणी होतं. अकोट्याला छपरावर चढून बसलेल्या मगरीचा फोटो सगळ्यांनी पाहिला असेल. माझ्या एका मैत्रिणीच्या तळमजल्याच्या घरात पाणी ओसरल्यावर चारही भिंतींवर एका पातळीत तपकिरी रेघ राहिली होती, फ्रीजवरसुद्धा, देवघरावरसुद्धा. ती रेघ बघवेना म्हणून तिने दिवाळीच्या आत घाईघाईने पुट्टी, प्रायमर, प्लॅस्टिक पेंट, सगळं करून घेतलं. होळीला रंगाला फुगे आले. भिंतीच्या पोटातलं पाणी वाळायला महिने लागतात आणि वरून प्लॅस्टिकचा थर बसला की त्याला बाहेर पडायला वाट नाही. त्या हंगामात गावातल्या रंगाऱ्यांनी किती ओल्या भिंती रंगवल्या असतील कुणास ठाऊक! आमच्या रंगाऱ्याने बहुधा त्यांतल्या काही रंगवल्या असाव्यात. नाही तर दिवाळीच्या तोंडावर कोण काम सोडतं?

तर काकूंकडे मीच गेले. मी जाणं सोयीचं होतं, वाटणीत माझा हात नव्हता आणि पाटल्या मी पाहिलेल्या नव्हत्या. संध्याकाळची वेळ निवडली, डब्यात थोडी साबुदाण्याची खिचडी नेली, कारण रिकाम्या हाताने भिंतीची तक्रार घेऊन जाणं बरं दिसत नाही. काकूंनी दार उघडलं. मी अर्धं वाक्य बोलले असेन नसेन, तोच म्हणाल्या, "अगं, मलाही न्हाणीत तीन पावसाळे वास येतोय. मी ह्यांना म्हटलं, त्यांच्याकडून येत असणार. पण बोलायचं कसं?"

काका लुंगीवर, हातात टॉर्च. त्यांनी मला न्हाणीत नेलं आणि मधल्या भिंतीच्या फरश्या बोटाने वाजवून दाखवल्या. दोन फरश्या पोकळ वाजत होत्या. दुसऱ्या दिवशी प्लंबर आला. गीझरच्या नळीचा व्हॉल्व्ह रात्रभर बंद ठेवला तर टाकीची पातळी उतरली नाही, उघडला तर उतरली. फरश्या काढल्या. आत गरम पाण्याच्या नळीचा कोपरा, त्याच्या आट्यांवर हिरवा गंज, आणि तिथून एक थेंब. जरा वेळाने दुसरा. धार वगैरे काही नाही. तेवढ्यावर आमची भिंत वर्षानुवर्षं पाणी पीत होती. अर्धे पैसे द्यायला नवरा गेला तर काकांनी घेतले नाहीत. "न्हाणी माझी आहे," म्हणाले. तो परत आला तेव्हा जरा घुश्शातच होता. दोघांपैकी कुणाचं चुकलं ते मला कळलं नाही.

मग रंगाऱ्याला बोलावलं. त्याने नानांच्या काळातलं सिमेंट छिन्नीने उडवून काढलं. सिमेंटमुळे ओल आत कोंडली आणि बाजूने वर चढली, असं त्याचं म्हणणं, आणि भिंतीवरची ओलीची रेघ त्या सिमेंटच्या वरच्या कडेनेच गेली होती, तेव्हा मला ते पटलं. विटांवर कापसासारखी पांढरी बुरबुर फुलली होती, तो खार. मी ओलं फडकं घेऊन धावले तर त्याने थांबवलं. खार पाण्याने धुतला की विरघळून पुन्हा आत जातो, तो कोरड्या ब्रशनेच झाडायचा आणि खालचा भुगा उचलून घराबाहेर टाकायचा. आणि मग, तो म्हणाला, आता काही करायचं नाही. उन्हाळ्यापर्यंत भिंत अशीच राहू द्या.

दिवाळी उघड्या विटांसमोर झाली. फराळाला आलेल्यांनी विचारलं, मान हलवली, कुणी आपल्या ओळखीच्या वॉटरप्रूफिंगवाल्याचा नंबर दिला. पाडव्याला सासूबाईंनी लाज वाटून भिंतीवर एक जुनी चादर अडकवली. काकू ओवाळायला आल्या, चादर पाहिली आणि म्हणाल्या, "वहिनी, काढा ती. भिंतीला हवा लागायला हवी." आणि स्वतःच काढली. मी श्वास रोखून दोघींकडे बघत होते. सासूबाईंनी चादरीची घडी घातली.

त्यानंतर काकू येऊ लागल्या. महिन्यातून केव्हातरी, साखर मागायच्या निमित्ताने, मग निमित्ताशिवाय. आल्या की आधी भिंतीवर तळवा टेकवायच्या. सासूबाईही टेकवायच्या. मग दोघींचं एकमत व्हायचं नाही. एकीला कोरडी लागायची, दुसरीला गार. होळीनंतर पिशवी पुन्हा लावली आणि ती आतून कोरडी निघाली, तेव्हाच तो वाद मिटला. रंगावरून पुढचा. मला पांढरा हवा होता. नवऱ्याला चांगल्या कंपनीचा, धुता येईल असा, गॅरंटीवाला. रंगारी दोघांचं ऐकून घेऊन म्हणाला, "आ चूनानी भींत छे, एने चूनो ज जोईए." चुना-रेतीचा गिलावा त्याने स्वतः केला, कारण त्याच्या हाताखालच्या पोरांना तो येत नाही. जुन्या इमारतींसाठी बैलाच्या घाणीत चुना कसा मळायचे, त्यात गूळ आणि बेलफळाचं पाणी कसं घालायचे, हे तो थापी चालवताना सांगत होता. वडिलांकडून ऐकलेलं. चुना देण्याच्या दिवशी त्याने आधी अख्ख्या भिंतीवर पाण्याचा फवारा मारला. महिनोन्‌महिने वाळवलेली भिंत डोळ्यांदेखत काळी पडली आणि सासूबाई किंचाळल्याच. कोरड्या भिंतीने चुन्यातलं पाणी शोषलं तर त्याची भुकटी होते, म्हणून आधी पाणी. तीन पातळ हात. रंग शेवटी पिस्ता ठरला, चुन्यात मिसळून, जरा फिका. मला तो आवडत नाही. गॅरंटी काही नाही, पाठ टेकली तर पाठीला लागतो, आणि दोन-एक वर्षांत पुन्हा द्यावा लागेल.

पण त्याआधीचा, खरवडायचा दिवस सांगायचा राहिलाच. चुना द्यायचा तर जुनं डिस्टेंपर सगळंच निघायला हवं, नाही तर तो धरत नाही. म्हणजे फोन नंबरही गेलेच. माझ्या मनात तेवढा तुकडा ठेवून त्याला चौकट करावी असं होतं, हल्ली लोक करतात तसं. मी तसं म्हणताच सासूबाई आणि काकू एकाच सुरात म्हणाल्या, "काहीतरीच काय!" कितीतरी वर्षांत पहिल्यांदा दोघींचं एकमत झालं होतं, तेही माझ्याविरुद्ध. मी मुकाट्याने मोबाइलवर फोटो काढून घेतला. रंगारी पट्टी घेऊन पुढे झाला. तेवढ्यात काकूंनी चष्मा लावला आणि खोडून दुरुस्त केलेल्या नंबरावर बोट ठेवलं. "हा रेशनवाल्याचा. आठ. मी आठ लिहिला होता, तुम्ही तीन केलात."

"रेशनवाला कसला? त्याच्याकडे कुठे फोन होता? गॅसवाल्याचा दुसरा नंबर आहे तो. आणि तीनच."

"वहिनी, मी रोज लावायचे."

"तू? फोनला हात लावायला घाबरायचीस तू."

काका दारातून म्हणाले की तो डॉक्टरांच्या घरचा नंबर होता, पण त्यांच्याकडे कुणी लक्ष दिलं नाही. रंगारी पट्टी हातात धरून उभा. "बेन, काढुं के रहेवा दउं?"

"थांबा हो," दोघी एकदम म्हणाल्या, आणि पहिल्यापासून पुन्हा सुरू झाल्या.